भुताचं वजन

आमचा पुतण्या माहितीपट बनवतो. म्हणजे माहिती आम्ही पुरवायची, पट तो मांडणार. यंदाचा विषय 'अतींद्रिय अनुभव'. कोकणातल्या भुतांभोवती कॅमेऱ्यांची फार गर्दी झाली म्हणून स्वारी थेट नेदरलँड्सला आली आणि पंधरा दिवस आमच्या बैठकीच्या खोलीत मुक्कामाला राहिली.

"काका, इथे वाडे नाहीत, पिंपळ नाहीत. भुतं राहतात कुठे?"

म्हटलं, विद्यापीठात. उट्रेक्ट विद्यापीठाने 1953 साली विल्हेल्म टेनहाफ यांना परामानसशास्त्राचे प्राध्यापक केलं. आपल्या यूजीसीला विद्यापीठात ज्योतिष आणायची बुद्धी 2001 साली झाली. डच मंडळी जवळजवळ अर्धशतक पुढे!

टेनहाफांचा लाडका द्रष्टा गेरार्ड क्रोइसेट. हरवलेली माणसं कुठे आहेत ते हा सांगायचा. 1966 साली ऑस्ट्रेलियात अ‍ॅडलेडला तीन भावंडं बेपत्ता झाली, तेव्हा याला विमानाने तिकडे नेलं. त्याने एका गोदामाकडे बोट दाखवलं. लोकांनी वर्गणी काढली, फरशी फोडली, जमीन खणली. काही सापडलं नाही. मुलांचा आजतागायत पत्ता नाही.

"खणतानाचं फुटेज मिळेल?" पुतण्याने विचारलं. त्या मुलांच्या आईवडिलांबद्दल त्याने काहीच विचारलं नाही.

मग मी पीट हाइन हूबेन्सची गोष्ट काढली. हा 'द टेलेग्राफ'चा पत्रकार. त्याने एक भलताच अघोरी प्रकार केला: टेनहाफांनी छापलेले चमत्कार घेऊन तो ज्यांच्या बाबतीत ते घडले त्यांच्याकडे गेला आणि विचारलं, असं झालं होतं का? एका प्रकरणातला पोलीस अधिकारी म्हणाला, छे! आपला लाडका द्रष्टा चुकू नये म्हणून प्राध्यापकांनी पुरावाच रंगवला होता.

पुतण्याचा चेहरा पडला. "काका, तुम्ही सगळं सपाट करून टाकता."

"देशच सपाट आहे रे."

शेवटी त्याला औडेवाटरला नेलं. तिथे जुनं वजनघर आहे. चेटकीण झाडूवर बसून उडते, म्हणजे ती हलकी असणार, हे युरोपातलं तेव्हाचं शास्त्र. संशयित बिचारे लांबून यायचे, बाजाराच्या काट्यावर उभे राहायचे आणि वजन अंगलटीला साजेसं असल्याचा दाखला घेऊन घरी जायचे. इथे कुणीही चेटकीण ठरलं नाही म्हणतात, कारण काटा खरा होता. आपल्याकडे दाखल्यासाठी कागदावर वजन ठेवावं लागतं. इथे काट्यावर स्वतःच उभं राहिलं की भागायचं. पर्यटकांना तो दाखला आजही मिळतो. पुतण्यानेही घेतला. गड्याचं वजन भरपूर भरलं.

माहितीपट पूर्ण झाला आहे. उट्रेक्टच्या धुक्यात क्रोइसेट चार मिनिटं आहे, मागे तानपुरा. निवेदक म्हणतो, 'विज्ञानाकडे याचं उत्तर नाही.' हूबेन्स आणि काटा, दोन्ही कापले. लांबी वाढत होती म्हणे.