जवळ म्हणजे किती जवळ?

जामखेडहून नगर, म्हणजे आताचे अहिल्यानगर, सुमारे ७५ किलोमीटर आहे आणि जिल्हाधिकारी कचेरीतील एका सहीसाठी तेवढी वाट तुडवणारा शेतकरी या अंतराला लांब म्हणतो. ही समजूत शासकीय मोजमापाच्या अज्ञानातून रूढ झाली असावी.

१४ सप्टेंबर २००६ च्या केंद्रीय अधिसूचनेनुसार खाणीसारख्या प्रकल्पाआधी जनसुनावणी, म्हणजे बाधितांचे म्हणणे ऐकून घेण्याची सभा, प्रकल्पस्थळी किंवा त्याच्या निकट घ्यावी लागते. ‘निकट’ म्हणजे हाकेच्या अंतरावर, फार तर पंचक्रोशीत, असा अर्थ खेड्यातला माणूस करील. गडचिरोली जिल्ह्यात, एटापल्ली तालुक्यातील सुरजागडच्या लोहखाणीचे उत्पादन वर्षाला ३० लाख टनांवरून एक कोटी टनांवर नेण्यासाठी २७ ऑक्टोबर २०२२ रोजी झालेल्या सुनावणीने मात्र या शब्दाची व्याप्ती वाढवली, कारण ती खाणीपासून शंभराहून अधिक किलोमीटर दूर, गडचिरोलीच्या जिल्हाधिकारी कार्यालयात भरली. व्याकरणदृष्ट्या त्यात चूक काढता येत नाही: मराठीत ‘सुनावणे’ म्हणजे ऐकणे नव्हे, दुसऱ्याला ऐकवणे होय.

ज्यांना सुनावायचे ते माडिया गोंड भातशेती करतात, मोहफुले वेचतात आणि त्याच डोंगरावर ठाकूरदेवाची यात्रा भरवतात. हे तिन्ही उद्योग टनांत मोजता येत नसल्याने प्रकल्प अहवालात त्यांची कुचंबणा होणे साहजिकच. पेसा, म्हणजे अनुसूचित क्षेत्रांत ग्रामसभेला विशेष अधिकार देणारा १९९६ चा कायदा, त्यांच्या बाजूचा आहे, पण कायद्याला खाणीपर्यंत पोहोचायला वाहन मिळत नाही. खनिज वाहणाऱ्या ट्रकना तशी अडचण नाही. (नगरकडच्या सीनाकाठच्या वाचकांनी यावर हसू नये, त्यांच्या नदीतील वाळूला १९५७ च्या खनिज कायद्याने ‘गौण खनिज’ म्हटले असून वाळू उपसल्यावर आटणारी विहीर कोणत्या वर्गात मोडते, हे त्यात सांगितलेले नाही.)

परिसरातील ग्रामसभांनी ११ मार्च २०२३ पासून तोडगट्टा येथे झोपड्या बांधून खाणींविरुद्ध ठिय्या दिला आणि तो आठ महिने चालवला. प्रशासन लांब असते, या आक्षेपाचे निराकरण त्यानंतर झाले: नोव्हेंबरात पोलिसांनी तेथवर येऊन ते आंदोलन मोडले आणि ज्या तालुक्यात सुनावणीला जागा सापडली नव्हती, त्याच तालुक्यातील वांगेतुरीत त्याच महिन्यात पोलीस मदत केंद्र अवघ्या २४ तासांत उभे राहिले.