पुढील आदेशापर्यंत चेअरमन

आमच्या भागात गुलालाचे दोन हंगाम असतात. एक मतमोजणीचा, दुसरा स्थगितीचा. पहिला पाच वर्षांतून एकदा येतो, आला तर. दुसरा बारमाही.

एक साखर कारखाना घ्या. नाव कशाला, सगळ्यांनाच आपलाच वाटेल. निवडणुकीवर अंतरिम आदेश झाला: मतदान घ्या, मते मात्र पुढील आदेशापर्यंत मोजू नका. दुपारी सत्ताधारी पॅनेलने फटाके वाजवले, कारण निकाल अडला. संध्याकाळी विरोधकांनी हलगी लावली, कारण मतदान अडले नाही. दुसऱ्या दिवशी एका पेपरात ‘सत्ताधाऱ्यांना दणका’, दुसऱ्यात ‘विरोधकांना चपराक’. गुलाल उधळणारा जेसीबी दोन्ही फोटोंत एकच. त्याच्या मालकाचे तेवढे कोणावाचून अडलेले नाही.

या सगळ्याला १९६० च्या सहकारी संस्था अधिनियमाचा भक्कम आधार आहे. अर्ज बाद झाला तर कलम १५२ अ खाली अपील. त्यावरचा निर्णय कायद्याने अंतिम, म्हणून दुसऱ्याच दिवशी रिट. निकालानंतर कलम ९१ खाली सहकार न्यायालयात वाद. त्यात कलम ९५ खाली अंतरिम आदेश, त्यावर कलम ९७ खाली अपील, त्यावर उच्च न्यायालय, त्यावर दिल्ली. अंतरिम आदेश असा चार मजले चढून विमानाने परत येतो, तोवर मूळ दावा तळमजल्यावर ‘पक्षकार गैरहजर’ असा शेरा घेत बसलेला असतो. त्याची चौकशी कोणी करत नाही. चुकून निकाल लागला तर?

निवडणूक एकदा सुरू झाली की मतदार यादीच्या तक्रारीसाठी ती मध्येच थांबवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये एका दूध संस्थेच्याच प्रकरणात सांगितले आहे. हा निवाडा आमच्याकडच्या पॅनेलप्रमुखांना तोंडपाठ आहे. सोमवारी ते सत्तेत असलेल्या कारखान्यासाठी तो वाचून दाखवतात आणि गुरुवारी विरोधात असलेल्या सूतगिरणीसाठी ‘आमची गोष्ट वेगळी आहे, साहेब’ म्हणतात.

मध्यंतरी एक संकट आले होते. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप संपेल. तालुक्यात सुतक पडले. शेवटी २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने ती आपोआप संपण्याची अट काढून टाकली. कारणे अगदी रास्त होती. कोर्टाला वेळ मिळाला नाही याची शिक्षा पक्षकाराला का? पण कारणे वाचायला सवड कोणाला? जेसीबी आधीच निघाला होता.

आता या करमणुकीचे तिकीट कोण काढतो ते पाहा. खटल्यात संस्थाही प्रतिवादी असते. त्यामुळे सत्ताधाऱ्यांच्या वतीने उभे राहणारे मोठे वकील, त्यांची गाडी, मुंबईचे हॉटेल, सगळे अहवालात ‘कायदेशीर सल्ला खर्च’ या एका ओळीत बसते. विरोधकाला मात्र स्वतःचे दोन गुंठे विकावे लागतात. वार्षिक सभेत एखादा म्हातारा सभासद त्या ओळीवर बोट ठेवून उठतो. माईक बंद पडतो. मागून ‘मंजूर, मंजूर’ सुरू होते आणि म्हाताऱ्याच्या हातात वड्याची पुडी येते. पुडीचा खर्च पुढच्या ओळीत, ‘सभा खर्च’. ज्याच्या मतावरून एवढे रामायण चालले आहे, त्याच्याच ऊसबिलातून दोन्ही ओळी भागतात, हे त्याला सांगणारा प्रशासक यायचा असतो. पण प्रशासकाच्या नेमणुकीलाही स्थगिती आहे.

ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाले. न्याय दारात आला, चांगलेच झाले. नुकसान फक्त तडजोडींचे. पूर्वी दोन्ही पॅनेलचे लोक तारखेसाठी एकाच महालक्ष्मी एक्स्प्रेसने मुंबईला जायचे, मिरजेच्या पुढे डबे उघडायचे, आणि कराडपर्यंत निम्म्या जागा वाटून झालेल्या असायच्या. आता जो तो आपापल्या गाडीतून येतो आणि अर्ध्या तासात नवीन अर्ज टाकून घरी जेवायला जातो.

त्या कारखान्याचे पुढे काय झाले? पाच वर्षे सरली, मुदत संपली, आणि आता निर्णय देण्यासारखे काही उरले नाही म्हणून याचिका निकाली निघाली. दोन्ही वकिलांनी हरकत घेतली नाही. मतपेट्यांवरची सीले शाबूत होती; आत कोण जिंकले होते ते पाहण्याची उत्सुकता फक्त गोदामाच्या वॉचमनला होती. नवी कच्ची मतदार यादी अजून फळ्यावर लागलेली नाही, पण दोन्ही पॅनेलनी कॅव्हेट दाखल केले आहे. कॅव्हेटची मुदत ९० दिवस. तेवढ्यात निवडणूक होणार नाही याबद्दल दोघांचे एकमत असल्याने पुढच्या ९० दिवसांच्या वकीलपत्रावरही सह्या होऊन गेल्या आहेत.