दहा मिनिटं पुढे

आमच्या घरातलं भिंतीवरचं घड्याळ कधीच खरं बोललं नाही. लोकल चुकू नये म्हणून बाबांनी ते दहा मिनिटं पुढे करून ठेवलं होतं. ते पुढे आहे हे सगळ्यांना ठाऊक, खुद्द बाबांनाही. त्यामुळे जो तो वर बघायचा, मनात दहा वजा करायचा आणि बशीतला चहा निवांत संपवायचा. लोकल चुकायची ती चुकायचीच. फसायचा तो फक्त पाहुणा. 'अरे बापरे, साडेनऊ!' म्हणून तो धडपडत उठायचा, आणि गप्पिष्टपणाच्या प्रमाणात त्याला खरी वेळ सांगायची की नाही, हे आई ठरवायची.

काही वर्षांपूर्वी ऑफिसच्या लॅपटॉपचं घड्याळही मी याच वंशपरंपरागत श्रद्धेनं पुढे सरकवलं, आणि दुसऱ्या दिवशी नेटवर्कनं मला ओळख दाखवली नाही. पासवर्ड बरोबर, तरी दार बंद. सख्ख्या चुलत्यानं बाजारात मान फिरवावी तसं. आयटीतल्या पोराने वाकून पडद्याचा कोपरा पाहिला. ''सर, तुमचं घड्याळ दहा मिनिटं पुढेय. कर्बेरॉस पाचच्या वर ऐकत नाही.''

कर्बेरॉस हा ग्रीकांच्या पाताळाच्या दारातला तीन डोक्यांचा कुत्रा. (ऋग्वेदातल्या यमाकडे दोन आहेत, पण डोळे चार-चार.) अमेरिकेतल्या एमआयटीत १९८३ साली 'प्रोजेक्ट अथीना' सुरू झाला, त्यात ही ओळख पटवण्याची पद्धत जन्मली आणि तिला या कुत्र्याचं नाव मिळालं. मूळ कुत्र्याचं मुख्य काम आत आलेल्याला बाहेर न सोडण्याचं. यानं मला आतच घेतलं नाही. ही रचना कशी सुचत जाते हे समजावायला बिल ब्रायंटनं १९८८ मध्ये चक्क चार प्रवेशांचा संवाद लिहिला. त्यात अथीना एकेक युक्ती मांडते आणि युरिपिडीस तिच्यात भोकं पाडतो. संगणकशास्त्रानं नाटककाराला असं कामाला लावलेलं पाहून मला फार बरं वाटलं.

युक्ती मात्र सुरेख आहे. तुमचं गुपित तुम्हाला ठाऊक, दारवानाला ठाऊक; पण ते तारेवरून उच्चारायचं नाही. सकाळी एकदा ओळख पटली की काही तासांपुरतं एक तिकीट मिळतं, आणि ते दाखवून छपाईयंत्राचं वेगळं, फायलींचं वेगळं अशी पुढची तिकिटं. पण तिकीट म्हणजे शेवटी शकुंतलेची अंगठी. ती हरवली तेव्हा समोर उभी असलेली शकुंतला दुष्यंताला ओळखू येईना. साधंसुधं नेटवर्क तर त्याच्याही पुढे जाऊन, माशाच्या पोटातून अंगठी काढणाऱ्या कोळ्यालाच राणी म्हणून अंतःपुरात पाठवील! कर्बेरॉस फसत नाही. अंगठीबरोबर त्याला आत्ताच्या वेळेची गुप्त मोहोर लागते, आणि ती खऱ्या मालकालाच उठवता येते. कुणी वाटेत दोन्ही चोरलं, तरी पाच मिनिटांत मोहोर शिळी. आणि तेवढ्यात तीच पुन्हा पुढे केली, तर 'ही आत्ताच पाहिली की' म्हणून हाकलायची सोय. म्हणून घड्याळं जुळायला हवीत. म्हणजे आमचं अख्खं घर त्याच्या लेखी तोतयांचं.

मी मुकाट्यानं लॅपटॉप सरळ केला.

बाबा गेले त्या वर्षी भिंतीवरचं घड्याळ बंद पडलं. मी नवा सेल घातला, मोबाइल समोर धरून काटे मिनिटाला मिनिट जुळवले, आणि काहीतरी थोर केल्यासारखा परतलो. पुढच्या रविवारी गेलो तर ते पुन्हा दहा मिनिटं पुढे. खाली भिंतीशी स्वयंपाकघरातलं स्टूल तसंच राहिलं होतं.

''चहा टाकू? निघायचं असेल ना तुला,'' आई घड्याळाकडे बघत म्हणाली.

मीही वर पाहिलं, दहा वजा केले आणि म्हटलं, ''टाक. वेळ आहे.''