तिथीवाले काकाजी

नागपूरहून सावनेरकडे जाताना कोराडीतल्या दोन गोष्टी लांबूनच दिसतात, एक औष्णिक विद्युत केंद्राच्या चिमण्या आणि दुसरी महालक्ष्मी जगदंबेच्या मंदिराचे शिखर. तिसरी पाहायची तर वाहन थांबवून पानठेल्यापर्यंत चालत जावे लागते, कारण मांडीवर पंचांग, खिशाला दोन रंगांची पेने आणि काखेत जाड पुठ्ठ्याची नोंदवही घेऊन तेथील बाकावर बसलेले तिथीवाले काकाजी उंचीने बेताचेच असतात. 'तिथीवाले काकाजी' हे कोणा एकाचे नाव नव्हे. गर्भ राहिला तो दिवस हुडकून काढून, तो सम की विषम एवढ्यावरून पोटात मुलगा आहे की मुलगी हे ठरवून मोकळा होणारा जो गृहस्थ महाराष्ट्रातल्या बहुतेक गावांत निदान एक तरी सापडतो, त्याच्यासाठी ही संज्ञा येथे योजली आहे. यातला 'जी' नागपुरी असून तो आदरासाठी जितका, तितकाच संशय झाकण्यासाठीही उपयोगी पडतो.

या प्रजातीचा कोराडीतला वाण इतर ठिकाणच्या वाणांहून सरस आहे आणि त्याचे श्रेय वीजनिर्मितीला द्यावे लागते. केंद्राचा पहिला संच १९७४ मध्ये सुरू झाला, पुढे संचामागून संच उभे राहिले आणि त्यांच्याबरोबर अशी एक पिढी घडली, की जिने उमेदीची सगळी वर्षे वाफेचा दाब, तापमान आणि भार यांचे आकडे तासातासाला लॉगबुकात, म्हणजे यंत्राच्या रोजनिशीत, उतरवण्यात घालवली. 'आम्ही बोर्डात होतो' असे हे लोक अजूनही सांगतात. विद्युत मंडळाचे तुकडे होऊन महानिर्मिती कंपनी झाली ती २००५ मध्ये, हे त्यांना माहीत असते, पण मान्य नसते. अशा माणसाला निवृत्तीनंतर आकड्यांवाचून चैन पडत नाही, आणि सिलिंडर लागल्याची तारीख, दुधाचा खाडा व नातवाचे वजन एवढे सगळे नोंदवून झाले, की त्याचे लक्ष आपोआप शेजारच्या घरातल्या सातव्या महिन्याकडे वळते.

त्यातही त्याच्या हाती एक असे साधन आहे, जे पुण्याच्या वा कोल्हापूरच्या काकाजींना स्वप्नातही मिळणार नाही, आणि ते म्हणजे शिफ्टचा तक्ता. केंद्र चोवीस तास चालते, त्यामुळे माणसे फर्स्ट, सेकंड आणि नाईट अशा तीन पाळ्यांत फिरत राहतात, आणि कोणत्या आठवड्यात कोण रात्री घरी होता व कोण बॉयलरपाशी होता हे जुन्या माणसाला मागे मोजत जाऊन काढता येते. शेजारची सासू भीत भीत विचारते, "सून सातव्यात हाय जी, काकाजी. काय वाटते?" त्यावर काकाजी पोटाचा आकार विचारत नाहीत, डोहाळे आंबटाचे की गोडाचे हेही विचारत नाहीत, असल्या बायकी ठोकताळ्यांना त्यांच्या शास्त्रात जागा नाही. त्यांचा प्रश्न एकच असतो, "भाऊ तवा कोणत्या शिफ्टले होता?" सासू पदर सावरते, पानठेलेवाला चुन्याच्या डबीत डोके घालतो आणि गणिताला सुरुवात होते.

हे गणित वाटते तितके सोपे नाही. डॉक्टर गर्भारपणाचे दिवस शेवटच्या पाळीच्या पहिल्या दिवसापासून मोजतात आणि त्यात २८० दिवस मिळवून बाळंतपणाची अंदाजी तारीख देतात. म्हणजे फाईलवरच्या पहिल्या दोन आठवड्यांत गर्भ नसतोच, कारण स्त्रीबीज बाहेर पडते ते साधारणपणे पुढच्या पाळीच्या चौदा दिवस आधी. काकाजींना हे ठाऊक आहे, आणि या एका बाबतीत ते पंचक्रोशीतल्या अनेक सुशिक्षितांच्या पुढे आहेत. ते फाईलवरच्या तारखेतून २६६ दिवस वजा करतात, आलेल्या दिवसाला शिफ्टच्या तक्त्याचा चाप लावतात, त्या रात्री भाऊ ड्यूटीवर निघाला तर एक दिवस मागे किंवा पुढे सरकतात, आणि मग पंचांग उघडतात. घसरण इथून सुरू होते.

कारण सम-विषमाचा हा विचार ज्या ग्रंथांतून खाली झिरपला, त्यांत तिथीचा संबंधच नाही. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात स्त्रीच्या ऋतुकाळाच्या सोळा रात्री सांगितल्या आहेत, त्यांतल्या पहिल्या चार, अकरावी आणि तेरावी वर्ज्य धरल्या आहेत, आणि उरलेल्यांपैकी समरात्रींना पुत्र व विषमरात्रींना कन्या असे विधान आहे. चरक आणि सुश्रुत यांच्या शारीरस्थानांतही याच धाटणीचा विचार येतो. ही मोजणी पाळीच्या पहिल्या दिवसापासूनची आहे. काकाजींच्या हाती येईपर्यंत मात्र तिच्यातली स्त्री गळून गेली आणि नुसते कॅलेंडर उरले. आता तिथी म्हणजे सूर्य आणि चंद्र यांच्यात बारा अंशांचे अंतर पडायला लागणारा काळ. तो कधी एकोणीस तासांत संपतो तर कधी सव्वीस तासांपर्यंत रेंगाळतो, भर दुपारी बदलतो, एखाद्या पंधरवड्यात एक तिथी क्षय पावते तर एखाद्यात तीच तिथी दोन दिवस सूर्योदयाला हजर असते. इंग्रजी तारीख मध्यरात्री बदलते, म्हणजे नेमकी अशा वेळी की ज्या वेळी घड्याळाकडे पाहण्याची सवय कोणत्याच घरात नसते. तेव्हा ऋतूची रात्र, पंचांगातली तिथी आणि भिंतीवरची तारीख अशी तीन मोजमापे काकाजींच्या दप्तरी नांदतात, आणि तिन्हींपैकी एक बहुतेक वेळा निकालाशी जुळते. भाकितासाठी तिथी, पडताळ्यासाठी तारीख आणि अडचणीच्या वेळी मनू, अशी त्यांची वाटणी झालेली आहे.

निसर्गानेही या हिशेबाला फारशी साथ दिलेली नाही. शुक्राणू स्त्रीच्या शरीरात पाच दिवसांपर्यंत तग धरू शकतात, त्यामुळे पतिपत्नींची रात्र सम आणि गर्भधारणेचा दिवस विषम असे खुशाल घडू शकते. मग तिथी कोणाची धरायची, हा प्रश्न पानठेल्यावर आजवर कोणी उपस्थित केलेला नाही. अमेरिकेत डॉक्टर लँड्रम शेटल्स यांनी १९६० च्या दशकात याच विचाराला प्रयोगशाळेचा पांढरा कोट चढवला. पुरुषलिंगी गुणसूत्र वाहणारे शुक्राणू चपळ पण अल्पायुषी, स्त्रीलिंगी गुणसूत्र वाहणारे संथ पण चिवट, म्हणून बीज सुटण्याच्या अगदी जवळचा दिवस मुलाचा आणि आधीचे दिवस मुलीचे, असा त्यांचा सिद्धांत होता, आणि त्यावरचे पुस्तक तडाखेबंद खपले. १९९५ मध्ये विल्कॉक्स आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २२१ स्त्रियांच्या रोजच्या नोंदी तपासल्या, तेव्हा गर्भ राहतो तो बीज सुटण्याच्या दिवशी संपणाऱ्या सहा दिवसांतच, हे निश्चित झाले; दिवसाचा आणि बाळाच्या लिंगाचा मात्र काहीच मेळ लागला नाही. आईचे चांद्र वय आणि गर्भधारणेचा चांद्र महिना यांच्या कोष्टकावरून लिंग सांगणारे एक चिनी कॅलेंडरही हल्ली मोबाईलवरून कोराडीत पोचले आहे. ते स्वीडनमधल्या २८ लाखांहून अधिक जन्मांवर लावून पाहण्यात आले, आणि २०१० मध्ये निष्कर्ष निघाला की नाणे उडवले असते तरी हेच झाले असते. काकाजींना चीनचे हे अपयश मनापासून पटते. परदेशी कोष्टकात अधिक महिन्याची सोय कशी असणार, असे ते म्हणतात. चिनी पंचांगालाही अधिक महिना असतो, हे त्यांना कोणी सांगितलेले नाही.

येथे काकाजींच्या पूर्वायुष्याची एक बाब ध्यानात घेतली पाहिजे. वीजजाळ्याची वारंवारता, म्हणजे प्रवाह सेकंदाला जितके फेरे घेतो तो आकडा, भारतात ५० हर्ट्झ असते. ती घसरली तरी संकट, चढली तरी संकट, म्हणून नियंत्रण कक्षातला माणूस काटा पन्नासावर आहे ना हे जन्मभर पाहत राहतो. काकाजींच्या भाकितांचा काटाही त्याच आकड्यावर आहे. शंभरांतली पन्नास बरोबर, पन्नास चूक, पाऊस असो की ऊन, भार वाढो की कमी होवो. वास्तविक त्यांनी पंचांग मिटून सरसकट 'मुलगा' म्हटले असते तर यश एक्कावन्नाच्या घरात गेले असते, कारण जगात शंभर मुलींमागे साधारण १०५ मुलगे जन्मतात. पण तसे केले तर शास्त्राला अर्थ काय राहिला?

आता पन्नास चुका पचवूनही काकाजींची प्रतिष्ठा अबाधित कशी राहते, हा या प्रकरणातला खरा अभ्यासाचा विषय आहे. नोंदवहीत एक आणि तोंडी दुसरे ही युक्ती जुनी आहे, आणि कोराडीचा वाण इतका खालच्या दर्जाचा नाही. काकाजी प्रामाणिक आहेत; त्यांचा आपल्या गणितावर विश्वास आहे, आणि हीच त्यांची सर्वांत धोकादायक बाजू म्हटली पाहिजे. भाकीत चुकले की ते इतकेच म्हणतात, "तारीख चुकीची सांगितली तुम्ही." या वाक्यापुढे आजवर एकही कुटुंब टिकलेले नाही. खरी तारीख जगात दोघांनाच ठाऊक असते, आणि त्या दोघांपैकी कोणीही ती अंगणात उभे राहून, सासूसासऱ्यांच्या देखत, काकाजींच्या तोंडावर सांगेल अशी आपल्याकडची घरे नाहीत. ज्योतिषाचा आधार ग्रह, वैद्याचा आधार नाडी, तसा काकाजींच्या शास्त्राचा आधार लाज हा आहे. शिवाय 'तुम्ही' हे अनेकवचन फार काळ अनेकवचन राहत नाही. घरी पोचेपर्यंत ते एकवचनी होते आणि सुनेच्या नावावर जमा होते. मुलीचा गर्भ की मुलाचा हे बापाच्या शुक्राणूवरून ठरते, ही गोष्ट गुणसूत्रांच्या अभ्यासातून १९०५ पासून माहीत आहे, तरी मोजायला चुकली ती तीच.

कायद्याचा विचार काकाजींनी केलेला आहे. महाराष्ट्राने १९८८ मध्येच गर्भलिंग तपासणीविरुद्ध स्वतःचा कायदा केला, देशाचा कायदा १९९४ मध्ये आला, आणि २००३ पासून त्याच्या कक्षेत गर्भधारणेपूर्वीची लिंगनिवडही घेतली गेली. जाहिरातीला बंदी घालणारे बाविसावे कलम त्यातलेच. फेब्रुवारी २०२० मध्ये कीर्तनकार निवृत्ती महाराज इंदुरीकर यांच्या कीर्तनातल्या सम-विषम तिथीच्या विधानावरून राज्यात गदारोळ झाला, त्यांनी दिलगिरी व्यक्त केली, तरी वाद संगमनेरच्या न्यायालयात गेला आणि पुढे उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठापर्यंत पोचला. तेव्हापासून काकाजी आवाज खाली ठेवून बोलतात. 'मुलगा' हा शब्द ते उच्चारतच नाहीत. नुसते "पेढ्याचं पाहून ठेवा" म्हणतात. डोहाळजेवणात दोन वाट्या झाकून एकीत पेढा व दुसरीत बर्फी ठेवतात आणि गर्भवतीला एक उघडायला सांगतात, त्या खेळातला हा संकेत आहे, पेढा म्हणजे मुलगा आणि बर्फी म्हणजे मुलगी. नागपूर संत्राबर्फीचे शहर असल्याने चविष्ट बाजू मुलींकडे गेली आहे, पण त्याचा परिणाम विचारणाऱ्यांवर झालेला दिसत नाही. महाराष्ट्रात शून्य ते सहा वर्षे वयोगटातल्या दर हजार मुलग्यांमागे १९९१ मध्ये ९४६ मुली होत्या, २००१ मध्ये ९१३ आणि २०११ मध्ये ८९४. काकाजींना कोणी मुलगी व्हावी म्हणून तिथी विचारायला आल्याची नोंद त्यांच्या वहीत नाही, आणि त्यांची वही फार काटेकोर आहे.

नवरात्रात मात्र चित्र पालटते. कोराडीची देवी सकाळी बालिका, दुपारी तरुणी आणि संध्याकाळी प्रौढा दिसते अशी भाविकांची श्रद्धा आहे, आणि काकाजी तिन्ही वेळा दर्शनाला जातात. अष्टमीला कुमारिकापूजनासाठी नऊ मुली लागतात, तेव्हा हेच गृहस्थ कॉलनीत दारोदार फिरून "पोट्टी हाय का जी घरी?" असे विचारतात आणि सहावर सात होईना म्हणून वैतागतात. अष्टमी ही समतिथी आहे, हा विरोध त्यांच्या नजरेतून सुटलेला असावा.

एवढ्यावरून त्यांना कोणी निरुत्तर करत नाही असे समजू नये. काही वर्षांपासून कॉलनीत अशा सुना येऊ लागल्या आहेत, ज्या स्वतःच शिफ्टला जातात आणि पाळीच्या तारखा मोबाईलमध्ये टिपून ठेवतात. अशी एखादी सून सव्वा महिन्याची लेक कडेवर घेऊन बर्फीचा डबा द्यायला येते, काकाजी नेहमीचे वाक्य उच्चारतात, आणि ती सासूच्या देखत शांतपणे सांगते, "तारीख बरोबर होती, काकाजी. रात्रही सम, तिथीही सम, तारीखही सम. आणि त्या आठवड्यात नाईट माझी होती, त्यांची नव्हती. फक्त सुट्टीचा एकच दिवस होता." सासू जमिनीकडे पाहते. पानठेलेवाला पुन्हा चुन्याच्या डबीत शिरतो. काकाजी नोंदवही उघडतात, मागची पाने चाळतात, निळे पेन ठेवून लाल काढतात, बर्फीचा तुकडा तोंडात टाकतात आणि बराच वेळ विचार करून विचारतात, "घड्याळ बरोबर चालते ना जी तुमच्या घरचं?"