दाजी, तेवढा स्लायडर सोडा

ती. दाजींस,



पत्र चारचौघांत लिहितोय, राग मानू नका. पाकिटातून धाडलं असतं तर ते ताईनं आधी फोडलं असतं आणि उत्तरात माझ्या लग्नाचा विषय आला असता. शिवाय तुमच्यासारखे कर्ते पुरुष आता घरोघर आहेत. कुणाचा फोन, कुणाचा टीव्ही, हाताला लागला की सेटिंगमध्ये शिरायचं आणि दिसेल ती पट्टी उजवीकडं ओढायची, हे त्यांचं समाजकार्य. त्यांच्याही नजरेस पडावं म्हणून हे खुलं पत्र.

अधिक महिन्यात तुम्ही आलात. अनारसे झाले, चांदीचं निरांजन झालं, जेवणं झाली आणि लवंडल्या लवंडल्या तुम्ही माझं स्टीम डेक मागितलंत. ‘बघू रे तुझं ते खेळणं.’ जावयाला अधिक महिन्यात नाही म्हणायची आपल्यात पद्धत नाही. दुसऱ्या दिवशी परत देताना म्हणालात, ‘सगळं टकाटक करून ठेवलंय. आधी ज्यानं सेटिंग केलं होतं त्याला काय कळत नव्हतं.’ ज्यानं केलं होतं तो तुमचा चहा घेऊन समोरच उभा होता.

तुम्हाला सगळं ठाऊक आहेच, पण बाकीच्यांसाठी सांगतो. व्हॉल्व्ह कंपनीनं हे हातात धरून गेम खेळायचं यंत्र फेब्रुवारी २०२२ मध्ये बाजारात आणलं. आपल्याकडं ते अधिकृतपणे मिळत नव्हतं, म्हणून मावसभावानं अमेरिकेतून येताना बॅगेत घालून आणलं. सात इंची एलसीडी पडदा, १२८० गुणिले ८०० पिक्सेलचा, सेकंदाला फार तर ६० वेळा ताजा होणारा. आत अख्खा कॉम्प्युटर, आणि त्याची चिप ४ ते १५ वॅटमध्ये भागवते. बॅटरी ४० वॅट-तासांची. बाकीचं विसरलात तरी चालेल, हा चाळीसचा आकडा तेवढा ध्यानात ठेवा. यंत्र २० वॅट ओढायला लागलं तर दोन तास चालतं, १० ओढलं तर चार. चौथीतला भागाकार आहे. त्यात चिपचे १५ वेगळे आणि पडदा, मेमरी, वायफाय, पंखा यांचे वेगळे. म्हणजे सगळं मोकाट सोडलं की दोन तासही पुरे होत नाहीत. कंपनी स्वतः २ ते ८ तास सांगते. त्यातले आठ मला कधी मिळाले नाहीत, पण चार आरामात मिळत होते. खालचे दोन तुम्ही मिळवून दिलेत.

उजव्या हाताला तीन टिंबांचं बटण आहे. ते दाबून बॅटरीच्या चिन्हावर गेलं की कामगिरीचं पान उघडतं. तिथं मी फ्रेमची, म्हणजे सेकंदाला दिसणाऱ्या चित्रांची, मर्यादा ४० वर ठेवली होती. ती बघून तुम्ही हसलात, असं भाचरांकडून कळलं. ‘पडदा साठचा आणि हा चाळीसवर खेळतोय!’ दाजी, पस्तीसला पास करणाऱ्या बोर्डातून आपण दोघंही बाहेर पडलो. चाळीसला एवढं हसू नये.

सेकंदाला ३० चित्रं दाखवायची तर एका चित्राला ३३.३ मिलिसेकंद मिळतात. ६० दाखवायची तर १६.७. या दोन वेळांच्या बरोबर मध्ये येतात २५ मिलिसेकंद, आणि २५ मिलिसेकंदांना एक म्हणजे सेकंदाला ४०. आकड्यात तीस-साठचा मध्य पंचेचाळीस, पण डोळ्याला जाणवतो तो वेळ, आणि वेळेत मध्य चाळीसलाच येतो. शिवाय या यंत्राचा पडदाही ४० हर्ट्झवर आणता येतो. ही सोय २०२२ मध्येच एका अपडेटमधून आली. पडदा आणि गेम दोन्ही चाळीसवर असले की प्रत्येक चित्र ठरल्या वेळेला येतं आणि ठरलेला वेळच थांबतं.

तुम्ही मर्यादा काढलीत, पडदा ६० वर नेलात आणि एल्डन रिंग लावलात. त्या गेमला या चिपवर साठ झेपत नाहीत. चाळिशीच्या आगंमागं वरखाली होत राहतो. साठच्या पडद्यावर पंचेचाळीस चित्रं आली तर काही चित्रं एक फेरी दिसतात आणि काही दोन. कागदावर आकडा वाढला, पडद्यावर धक्के सुरू झाले. मी घोड्यावर बसून मैदानातून चाललो होतो, आई मागून जाता जाता थांबली आणि म्हणाली, ‘त्या घोड्याच्या पायाला काय लागलंय का रे?’

काही लागलं नव्हतं आई, दाजी येऊन गेले होते.

त्याच पानावर खाली चित्र फाटू द्यायची परवानगी देणारं एक बटण आहे. तेही तुम्ही चालू केलंत, आणि गेममधलं, चित्रांना पडद्याच्या तालावर ठेवणारं व्हीसिंक बंद. आता एखादा हलका गेम लावून मी मेन्यूवर थांबवून चहा आणायला गेलो की चिप त्या स्थिर मेन्यूची शेकडो चित्रं काढत बसते. पडदा त्यातली साठच दाखवणार. बाकीची कुणासाठी काढते हे त्या बिचारीलाही ठाऊक नाही. पंखा स्वयंपाकघरापर्यंत ऐकू येतो. चहा येईपर्यंत दोन टक्के गेलेले असतात, ते निव्वळ ‘न्यू गेम’ आणि ‘एक्झिट’ हे दोन शब्द बघण्यात.

पण तुमची खरी कलाकारी ग्राफिक्सच्या घड्याळात आहे. ते आपोआप वरखाली होत होतं. तुम्ही ते हाती घेऊन १६०० मेगाहर्ट्झवर खिळवून टाकलंत. का, तर तो सगळ्यात मोठा आकडा. आता चिपचे पंधरा वॅट हे प्रोसेसर आणि ग्राफिक्स या दोघांत वाटले जातात. एकाला सक्तीनं पळवत ठेवलं की दुसऱ्याच्या वाट्याला कमी येतं. ज्या गेममध्ये गर्दीचे रस्ते, शत्रू, हिशेब जास्त, तिथं प्रोसेसर उपाशी राहतो आणि फ्रेम उलट घसरतात. वेग वाढवून वेग कमी केल्याबद्दल तुमचं जाहीर अभिनंदन.

उजेडाची पट्टी शंभरावर आणि आपोआप कमीजास्त होणं बंद. हे एक वेळ समजू शकतो, तुम्ही अंगणात खेळत होतात. पण ‘काळ्या रंगानं बॅटरी वाचते’ म्हणून सगळीकडं काळी थीम लावलीत, त्याचं कौतुक करावं तेवढं थोडं. ते खरं आहे, ओएलईडी पडद्याच्या बाबतीत. तिथं काळा पिक्सेल म्हणजे विझलेला पिक्सेल. ओएलईडीचं स्टीम डेक नोव्हेंबर २०२३ मध्ये निघालं, ७.४ इंची, ९० हर्ट्झचं, ५० वॅट-तासांच्या बॅटरीचं. माझं ते नाही. माझ्या एलसीडीत काळ्या रंगामागंही दिवा तेवढाच जळतो. एका हातानं दिवा शंभरावर न्यायचा आणि दुसऱ्या हातानं त्याच्यापुढं काळं फडकं धरायचं, ही बचत फक्त तुम्हालाच सुचू शकते.

एफएसआर चालू करून त्याची धार पाचावर नेलीत, तेही पाहिलं. गेमचं रिझोल्यूशन पडद्यापेक्षा कमी असेल तर ते चित्र मोठं करून धार लावणं हे एफएसआरचं काम. तुम्ही गेम १२८० गुणिले ८०० वरच ठेवलात. मोठं करायला काही उरलंच नाही, त्यामुळं ती पाचाची धार म्यानातच आहे. हा तुमचा एकमेव निरुपद्रवी उपकार, म्हणून तसाच राहू दिला.

आणि बायोस, यंत्राचं मुळातलं सेटिंग! आवाज वाढवायचं बटण दाबून धरून पॉवर दाबायचं, हे तुम्हाला कुणी शिकवलं? कुठल्याशा व्हिडिओत बघून ग्राफिक्ससाठीची राखीव मेमरी १ जीबीवरून ४ जीबी केलीत. काही गेमना त्याचा फायदा होतो, नाही म्हणत नाही. पण ती मेमरी वेगळी कुठून येत नाही. एकूण १६ जीबीतूनच कापून जाते. असो.

खरा गुन्हा पुढंच आहे. कामगिरीच्या पानावर सगळ्यात वर लिहिलेलं असतं, या गेमपुरतं वेगळं प्रोफाइल वापरायचं का? माझ्याकडं प्रत्येक गेमचं होतं. स्टारड्यू व्हॅलीत वांगी लावायची, त्याला चिपचे पाच-सहा वॅट पुष्कळ झाले. पुण्याच्या नॉडिंग हेड्सचा ‘राजी’, त्यात कॅमेरा लांबून बघतो, तिथं चाळीस झकास. सायबरपंकमध्ये तर या यंत्रासाठी तयार केलेलं सेटिंगच आहे, नुसतं निवडायचं. तुम्ही ती सगळी प्रोफाइलं पुसून सर्वांना एकच नियम लावलात. वांग्यांनाही अल्ट्रा.

याचा प्रत्यय मला कोयना एक्सप्रेसमध्ये आला. मुंबईहून गाडी सुटली तेव्हा बॅटरी पूर्ण होती. कर्जतला मान वर केली तर लाल. खाली उतरून पाय मोकळे करत उभा राहिलो आणि समोर गाडीला मागून घाटाची जादा इंजिनं जोडत होते. दाजी, रेल्वेलाही कळतं हो. बोरघाट चढायचा तर मागं इंजिनं लावायची आणि लोणावळ्याला सोडून द्यायची. तुमच्या हाती कारभार असता तर ती इंजिनं कोल्हापूरपर्यंत धावली असती, आणि ‘ताकद कमी पडायला नको’ म्हणून पुढच्या फेरीला आणखी एक.

पॉवर बँक लाव, म्हणालात फोनवर. लावली. हे यंत्र ४५ वॅटच्या चार्जरवर चालतं. माझी फोनची पॉवर बँक दहा वॅटची. तुमच्या सेटिंगवर ती आणि बॅटरी दोघी मिळून संपल्या.

तुमच्या विचाराची माणसं जगात पूर्वीपासून आहेत, एकटं वाटून घेऊ नका. १९८९ मध्ये निन्टेंडोच्या गुनपेई योकोई यांच्या चमूनं गेम बॉय काढला. हिरवट पडदा, चार छटा, मागं दिवासुद्धा नाही. चार पेन्सिल सेलवर पंधरा-पंधरा तास चालायचा. त्याच वर्षी अटारीनं लिंक्स आणि पुढच्या वर्षी सेगानं गेम गिअर काढला. दोन्ही रंगीत, दोन्हींत मागून उजेड, दोन्हींना सहा-सहा सेल. गेम गिअरला ते तीन ते पाच तास पुरत. दुकानात शेजारी ठेवले तर कुणीही गेम गिअरच उचलला असता, तुम्ही तर दोन उचलले असते. गेम बॉय आणि त्याचा पुढचा रंगीत भाऊ मिळून ११ कोटी ८० लाखांच्या वर खपले. गेम गिअर कोटीभराच्या आसपास राहिला. योकोईंचं म्हणणं थोडक्यात असं की जुनं, स्वस्त, नीट कळलेलं तंत्र घ्या आणि डोकं खेळात चालवा. ते आपल्या घरचे जावई नव्हते, म्हणून जमलं त्यांना.

आता मी एफएसआर सोडून बाकी सगळं पूर्ववत केलंय. क्रमही लिहून ठेवतो, पुढच्या वेळी हात शिवशिवले तर उलटा वापरा. आधी फ्रेमला लगाम. तेवढ्यानंच चिप पुष्कळ कमी खायला लागते. मग खोलीत जेवढा लागतो तेवढाच उजेड. मग गेममधल्या सावल्या आणि प्रतिबिंबं एक पायरी खाली. सात इंचांत त्यांचा फरक दाखवून दिलात तर पुढच्या अधिक महिन्यात सोन्याचं निरांजन. वॅटची पट्टी सगळ्यात शेवटी, तीही गरज पडली तर. माझं मत विचाराल तर त्या पट्टीचं कौतुक जरा जास्तच होतं. एक मात्र कबूल: फ्रेमला मर्यादा घातली की बटण दाबल्यापासून हात हलेपर्यंत किंचित उशीर होतो. मारामारीच्या गेममध्ये तो जाणवतो. तिथं साठच ठेवा, माझी ना नाही.

दिवाळीला अवश्य या. तुमच्यासाठी यंत्राला लहान मुलांचा कुलूप-आकडा घालून ठेवतोय.

आपला आज्ञाधारक मेहुणा

ता. क. : ताईच्या फोनची बॅटरी ८० टक्क्यांवर अडते ती बिघडलेली नाही. जास्त वर्षं टिकावी म्हणून ती मर्यादा मी लावली आहे. तुम्ही नवी बॅटरी बसवायला दुकानात चौकशी करून आलात असं कळलं. पैसे दिले नसतील तर देऊ नका.