सुजलेल्या डोळ्याचा अभिनय

देखण्या नटीला अभिनय येतो की नाही, हे ओळखायची सोपी कसोटी अमेरिकेने १९८४ साली शोधून काढली. तिचे केस विस्कटायचे, डोळा काळानिळा करायचा आणि मग समीक्षकांना बोलवायचं.

प्रयोगासाठी बाई मिळाली फॅरा फॉसेट. त्याच्या आठ वर्षं आधी, १९७६ मध्ये, ओहायोतल्या एका पोस्टर कंपनीला तिचा बिकिनीतला फोटो हवा होता. बाईंनी बिकिनीऐवजी साधा वन-पीस लाल स्विमसूट घातला. छायाचित्रकार ब्रूस मॅकब्रूमने मागे काहीतरी हवं म्हणून आपल्या जुन्या शेवरोलेच्या सीटवरची चादर ओढून टांगली. केस, मेकअप बाईंचा आणि फोटोची निवडही बाईंचीच. (आपल्याकडे मालिकेतली सून नवरात्राच्या रंगातला एक फोटो टाकते, तेव्हा खाली साडी, दागिने, केस आणि मेकअप यांच्या श्रेयनामावलीत कुलदैवताचंच नाव काय ते राहून जातं.) चादरीपुढचं ते हसू कोटीच्या वर भिंतींवर चिकटलं.

त्याच वर्षी एबीसी वाहिनीवर ‘चार्लीज एंजल्स’ ही मालिका सुरू झाली. तीन तरुणी गुप्तहेर, त्यांचा मालक चार्ली. त्याचा फक्त आवाज यायचा, चेहरा कधी दिसला नाही. एंजल्सच्या बाबतीत निर्मात्यांनी नेमकी उलटी व्यवस्था केली होती. मालिकेपेक्षा पोस्टरची कमाई जास्त, हे ध्यानात आल्यावर बाई वर्षभरातच बाहेर पडल्या. मग कोर्टकचेरी, तडजोड म्हणून पाहुणी बनून मोजक्या भागांत हजेरी आणि सिनेमात एकामागून एक आपटी. समीक्षकांनी निदान केलं: केस उत्तम, बाकी काही सापडलं नाही. कोणी शोधलं होतं, ते विचारू नये.

१९८४ मध्ये एनबीसी वाहिनीवर ‘द बर्निंग बेड’ हा टीव्हीपट आला. वर्षानुवर्षं मारहाण सोसून अखेर झोपलेल्या नवऱ्याला पेटवून देणाऱ्या बाईची ती खरी हकिगत. फॅरा त्यात थकलेली, सुजलेली, मार खाल्लेली दिसली आणि देशाला साक्षात्कार झाला, अरे, हिला येतं की! टीव्हीच्या एमी पुरस्काराचं नामांकन चालून आलं. चेहरा धड असेपर्यंत ज्यांना तो अडथळा वाटत होता, त्यांना तो रंगभूषाकाराने बिघडवताच आतली कलावती दिसू लागली. एमी मात्र तेव्हाही मिळाला नाही आणि पुढच्या नामांकनांतही नाही.

२५ जून २००९ रोजी ती गेली. त्याच दिवशी मायकल जॅक्सन गेला, त्यामुळे बातमीतही ती दुसऱ्या क्रमांकावर. पुढच्या वर्षीच्या ऑस्कर सोहळ्यातल्या श्रद्धांजलीत तिचं नाव नव्हतं. बाई मुख्यतः टीव्हीच्या, असा अकादमीचा खुलासा. मायकल जॅक्सन मात्र त्या यादीत होता. लाल स्विमसूट २०११ मध्ये स्मिथसोनियन संग्रहालयाच्या संग्रहात गेला. त्याच्या पात्रतेबद्दल कोणाचंच दुमत नव्हतं.