छत्तीसचा आकडा

आमच्या घराण्यात माथ्यावर ‘श्री’ लिहिल्याशिवाय पत्राला पुढचा मजकूर सुचत नाही. नाना तर ईमेलमध्येही आधी ‘श्री’ टाकतात, मग तब्येतीच्या तक्रारी. ते पुण्यात, मी म्हैसूरला कुवेंपुनगरात. दसऱ्याच्या आधी त्यांचा फोन आला. कुठल्याशा मंडळाने त्यांना मराठीत निमंत्रण पाठवलं होतं आणि नाना ते मला खणखणीत आवाजात वाचून दाखवत होते : “बरोबर ई शून्य, बरोबर ए चार, बरोबर बी सहा... अगं, मंडळ आहे की हिशेबतपासनीस?”

माझा भाचा इथे एका सॉफ्टवेअर कंपनीत शिकाऊ आहे आणि रविवारी न चुकता जेवायला असतो. आमटी वाढून घेत तो म्हणाला, “मावशी, नानाआजोबा अक्षर ‘श’ वाचतायत. ‘श्री’ अजून पुरता आलेला नाही.”

ईमेल पोचवण्याचे नियम, म्हणजे एसएमटीपी, जॉन पोस्टेल यांनी १९८२ साली लिहून काढले. त्यात अक्षर सात बिटांचं, म्हणजे चिन्हं १२८. इंग्रजी मुळाक्षरं, आकडे, टिंबं बसली आणि गाडी भरली. ‘ळ’ फलाटावरच. १९९२ साली नॅथॅनियल बोरेनस्टाइन आणि नेड फ्रीड यांनी ‘माइम’ काढलं : इतरांनी इंग्रजी वेष घालून प्रवास करायचा आणि उतरल्यावर वेष काढायचा. त्याच वर्षी मार्चमध्ये बोरेनस्टाइन यांनी मेलला जोडून स्वतःच्या गाणाऱ्या चौकडीचा फोटो आणि गाणं पाठवलं. लोकांना आपलं गाणं ऐकायला लावण्याची हौस अटॅचमेंटइतकीच जुनी आहे, हे त्यावरून कळतं.

असे वेष दोन आहेत. यूटीएफ-८ या पद्धतीत देवनागरीचं प्रत्येक चिन्ह ३ बाइटचं. ‘कोटेड-प्रिंटेबल’ वेषात प्रत्येक बाइटची ३ अक्षरं होतात, नानांच्या ‘बरोबर ई शून्य’सारखी, म्हणजे चिन्हामागे ९. ‘श्री’त चिन्हं ४ : श, हलन्त, र आणि दीर्घ ईकार. गुणाकार करा. श्री आणि ईमेल यांच्यात अक्षरशः छत्तीसचा आकडा आहे! दुसरा वेष ‘बेस६४’. त्यात ३ बाइटची ४ अक्षरं होतात, म्हणून तोच ‘श्री’ १६ अक्षरांत जातो. सोळा आणे काम.

प्रोग्रॅम लिहायच्या पायथॉन भाषेच्या ईमेल लायब्ररीत या दोन्ही वेषांच्या दोन वेगळ्या फायली आहेत. प्रत्यक्ष दार वाजवते ती त्या लायब्ररीबाहेरची तिसरी, एसएमटीपीलिब. ती आधी ‘एहलो’ म्हणते, ते कळलं नाही तर जुनं ‘हेलो’, तेही एकाच ‘एल’चं, कारण आज्ञा चार अक्षरांची. मग कुणाकडून, कुणाला. समोरून दरवेळी ‘२५०’ एवढाच हुंकार. पत्र संपलं हे सांगायला एका ओळीवर नुसतं टिंब ठेवायचं. मजकुरातच तशी ओळ आली, तर पत्र अर्ध्यात तुटू नये म्हणून ही फाईल गुपचूप आणखी एक टिंब लावते. नानांना मध्येच टिंब देणं आमच्या घरात अजून कुणाला जमलेलं नाही.

मंडळाच्या प्रोग्रॅमने वेष चढवला होता, पण कोणता चढवला ते पाकिटावर लिहिलंच नव्हतं. मग उतरवणार कोण?

यूटीएफ-८ची मांडणीही १९९२चीच. केन थॉम्पसन यांनी ती न्यू जर्सीतल्या एका खाणावळीत ताटाखालच्या कागदावर केली. म्हैसूरला डोशाखाली केळीचं पान असतं. इथे मांडली असती, तर निम्मी देवनागरी चटणीत गेली असती.

पण याच गावात १९६९पासून भारतीय भाषा संस्थान आहे आणि सॉफ्टवेअर शिकणारी पोरं तर गल्लोगल्ली. तेव्हा समस्त भाच्यांनो, एक विनंती. चाचणीच्या मेलमध्ये ‘एबीसी’ पाठवू नका, ते पोचणारच. विषयाच्या ओळीत ‘अक्षय्यतृतीयेच्या शुभेच्छा’ टाका. त्या ओळीत वेषासकट एका तुकड्याला ७५ अक्षरांची मर्यादा आहे, म्हणजे बेस६४मध्येही जेमतेम १५ चिन्हं. नुसत्या ‘अक्षय्यतृतीयेच्या’ची होतात १७. ती अख्खी पोचली, तरच प्रोग्रॅम चालतो म्हणा आणि मग खुशाल आमटी वाढून घ्या.